पाणी कोणत्या सरकारचे?

२०१९ च्या ऑगस्टमध्ये कृष्णेला महापूर आला तेव्हा मी शिकवतो त्या शाळेचे वर्ग पूरग्रस्तांच्या निवाऱ्यासाठी उघडले होते. माझे गाव शिरोळ तालुक्यात, कर्नाटकच्या हद्दीपासून हाकेच्या अंतरावर आहे. पूर ओसरला, वर्ग धुऊन काढले, फळ्यावरचा चिखल खरवडला आणि शाळा पुन्हा सुरू झाली. नागरिकशास्त्राच्या तासाला आमच्या वस्तीतली एक मुलगी उभी राहिली. "सर, पाणी कोणत्या सरकारचं असतं?" असे तिने विचारले. मी पुस्तकातले उत्तर दिले, "पाणी हा राज्यसूचीतला विषय आहे." ती म्हणाली, "मग ते आमच्या घरात शिरलं तेव्हा कोणत्या राज्याचं होतं?"

वर्गात कोणी हसले नाही. मला उत्तर देता आले नाही. पुराच्या त्या दिवसांत निवाऱ्यात बसून मोठी माणसे हेच बोलत होती. कोयनेतून पाणी सोडले म्हणून पूर आला, असे कोणी म्हणे. कर्नाटकने अलमट्टीचे दरवाजे उघडले नाहीत म्हणून पाणी तुंबले, असे दुसरा म्हणे. दोन्ही सरकारांकडे बोट दाखवून झाल्यावर माणसे गप्प बसत. त्या मुलीचा प्रश्न त्या गप्प बसण्यातून आला होता.

गाव ज्यांनी वसवले त्यांनी देऊळ, चावडी आणि वाडे उंचवट्यावर घेतले. महारवाडा ओढ्याच्या तोंडाशी, उतारावर ठेवला. पूर्वी त्याला रूढी म्हणत. आता नकाशावर तिथे पूररेषा आखलेली असते. पाणी चढू लागले की ते पहिल्यांदा आमच्याकडे येते आणि उतरताना सर्वांत शेवटी आमच्याकडून जाते. म्हणून दोन राज्ये, जिल्हे, ग्रामपंचायती यांनी पाण्याच्या बाबतीत एकमेकांशी कसे वागावे हा आमच्या घरातला प्रश्न आहे. त्या मुलीला देण्याचे राहून गेलेले उत्तर मी येथे मांडतो आहे.

१

सुरुवात महाडपासून केली पाहिजे. चवदार तळ्याचा सत्याग्रह आपण समतेचा संगर म्हणून ओळखतो आणि ते खरेच आहे. परंतु त्या घटनेला आणखी एक बाजू आहे. वरच्या आणि खालच्या सरकारांत सहकार्य झाले की पाणी हाताला लागते, असे आपण समजतो. महाडने ते खोटे ठरवले.

४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदे कौन्सिलात सी. के. बोले यांचा ठराव संमत झाला. सरकारी खर्चाने बांधलेली वा सरकारी संस्थांच्या ताब्यातली पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, शाळा, दवाखाने ही अस्पृश्यांना खुली असावीत, असा तो ठराव होता. प्रांतिक सरकारने तो खात्यांना कळवला. १९२४ मध्ये महाड नगरपालिकेने त्याला अनुसरून आपले तळे खुले असल्याचा ठराव केला. म्हणजे प्रांताने सांगितले आणि स्थानिक संस्थेने मान्य केले. कागदावर पाहिले तर दोन सरकारांचे सहकार्य पुरे झाले होते.

परंतु तीन वर्षे त्या तळ्यावर एकाही अस्पृश्य माणसाला पाणी भरता आले नाही. १९२६ मध्ये बोले यांनी दुसरा ठराव आणला, तो असा की जी स्थानिक मंडळे पहिला ठराव अमलात आणत नाहीत त्यांचे अनुदान थांबवावे. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब स्वतः तळ्यावर गेले आणि पाणी प्याले. त्यानंतर सभेहून परतणाऱ्या माणसांना मारहाण झाली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपला ठरावच मागे घेतला. पुढे दिवाणी दावा उच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९३७ च्या मार्चमध्ये निकाल आपल्या बाजूने लागला. ठरावापासून निकालापर्यंत चौदा वर्षे लागली.

यातून मी एक गोष्ट शिकलो. दोन सरकारे एका टेबलाशी बसली, त्यांच्या सह्या झाल्या, तरी काम अर्धेच होते. टेबलापासून ओंजळीपर्यंतचे अंतर उरते. ते अंतर कापायला ज्याची ओंजळ कोरडी आहे तो माणूस त्या व्यवस्थेत असावा लागतो.

२

बाबासाहेबांच्या कार्याचा एक भाग आपल्या सभांतून फारसा येत नाही. जुलै १९४२ पासून १९४६ पर्यंत ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात श्रममंत्री होते. पाटबंधारे आणि वीज हे विषय त्या काळात त्याच खात्याकडे होते. १९३५ च्या कायद्याने पाणी प्रांतांच्या अखत्यारीत दिले होते. प्रत्येक प्रांत आपल्या हद्दीतल्या नदीच्या तुकड्याचा विचार करी. खालच्या प्रांतात पूर येवो की दुष्काळ पडो, वरच्या प्रांताच्या अंदाजपत्रकात त्याला जागा नव्हती.

दामोदर ही अशीच तुकड्यात वाटलेली नदी होती. ती छोटा नागपूरच्या पठारावर उगम पावते. हा भाग तेव्हा बिहारमध्ये होता, २००० सालापासून झारखंडमध्ये आहे. पठारावरचे पाणी घेऊन ती बंगालच्या सपाटीवर उतरते. बंगालचे दुःख हे तिचे जुने नाव. जुलै १९४३ मध्ये तिचा बांध फुटला. रेल्वे आणि ग्रँड ट्रंक रोड दोन्ही तुटले आणि युद्धाच्या ऐन धामधुमीत कलकत्त्याचा उत्तरेशी असलेला संबंध खंडित झाला. त्याच वर्षी बंगालात भीषण दुष्काळ होता. बंगाल सरकारने बर्दवानच्या महाराजांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली. शास्त्रज्ञ मेघनाद साहा तिचे सदस्य होते. अमेरिकेत १९३३ मध्ये टेनेसी नदीसाठी जसे स्वतंत्र प्राधिकरण निघाले तसे दामोदरसाठी निघावे, अशी सूचना त्या समितीतून पुढे आली. टेनेसीचे खोरे सात राज्यांत पसरलेले आहे. तिथे सात राज्यांच्या सात योजना न करता नदीची एकच योजना केली होती.

३ जानेवारी १९४५ रोजी बाबासाहेबांनी बंगाल आणि बिहार या दोन प्रांतांची परिषद कलकत्त्यात घेतली. दुसरी बैठक त्याच वर्षी ऑगस्टमध्ये झाली आणि नोव्हेंबरमध्ये ओरिसाच्या नद्यांसाठी कटकला परिषद झाली. या परिषदांतील त्यांच्या भाषणांचा गाभा मी माझ्या शब्दांत सांगतो. नदीकडे केवळ पूर म्हणून पाहणे चूक आहे. पाणी ही संपत्ती आहे, ते जास्त झाले म्हणून त्याची भीती बाळगण्यापेक्षा ते साठवले पाहिजे. एकाच धरणातून पूरनियंत्रण, सिंचन, वीज आणि जलवाहतूक ही सर्व कामे झाली पाहिजेत. नदीचे खोरे हा एकच घटक मानला पाहिजे आणि प्रांतांच्या हद्दींनी त्याच्या आड येऊ नये. आणखी एक मुद्दा त्यांनी मांडला होता, तो आपल्या दृष्टीने सर्वांत मोलाचा आहे. या योजनेचे लाभ अगदी तळच्या माणसापर्यंत पोचले पाहिजेत, खोऱ्यात राहणाऱ्या प्रत्येकाला त्यात वाटा मिळाला पाहिजे.

बिहारची अडचण समजण्यासारखी होती. धरणे बिहारच्या डोंगराळ भागात बांधली जाणार, म्हणजे जमीन बिहारची बुडणार. पुरापासून सुटका आणि शेताला पाणी यांचा मोठा वाटा मात्र बंगालला मिळणार. एकाने सोसायचे आणि दुसऱ्याने खायचे, या तत्त्वावर सहकार्य टिकत नाही. म्हणून खर्चाची वाटणी कायद्यातच लिहावी लागली. १९४८ च्या दामोदर खोरे महामंडळ कायद्याप्रमाणे विजेचा भांडवली खर्च केंद्र, बिहार आणि पश्चिम बंगाल या तिघांवर समान ठेवला. सिंचनाचा खर्च दोन राज्यांवर ठेवला. पूरनियंत्रणाच्या खर्चात बिहारला ओढले नाही, तो केंद्र आणि पश्चिम बंगाल यांच्यावर टाकला. ज्याला लाभ त्याच्यावर भार, असे हे गणित होते. हे विधेयक मांडले तेव्हा खाते काकासाहेब गाडगीळ यांच्याकडे होते आणि बाबासाहेब कायदामंत्री होते. ७ जुलै १९४८ रोजी महामंडळ सुरू झाले. स्वतंत्र भारतात निघालेले हे पहिले बहुउद्देशीय नदीखोरे महामंडळ होय.

३

आता याची दुसरी बाजू. ती सांगितली नाही तर बाबासाहेबांच्या कामाची केवळ आरती होईल, आणि आरती ही आपली परंपरा नव्हे.

टेनेसी प्राधिकरणात काम करणाऱ्या डब्ल्यू. एल. वुर्डइन या अभियंत्याने दामोदरसाठी आठ धरणांचा आराखडा केला होता. महामंडळाने चारच बांधली. तिलैया १९५३ मध्ये, कोनार १९५५ मध्ये, मैथन १९५७ मध्ये आणि पंचेत १९५९ मध्ये पूर्ण झाले. पूर अडवण्याची जी क्षमता आठ धरणांत मिळून यायची ती चारांत आली नाही. खोऱ्यात पूर येत राहिले. १९७८ चा पूर बंगालात आजही आठवला जातो. सप्टेंबर २०२४ मध्ये पुन्हा पूर आला तेव्हा पश्चिम बंगाल सरकारने धरणांतून सोडलेल्या पाण्याला दोष दिला आणि झारखंडकडून येणाऱ्या मालवाहू गाड्यांसाठी हद्द काही काळ बंद केली. बंगालच्या प्रतिनिधींनी महामंडळातून अंग काढून घेतले. सहकार्यासाठी जन्माला आलेल्या संस्थेच्या दारातच हद्दीचा अडसर पडला.

याहून गंभीर गोष्ट माणसांची आहे. मैथन आणि पंचेतच्या जलाशयांत गावेच्या गावे गेली. त्यांत संथाळ आदिवासींची गावे होती. पंचेतचे उद्घाटन ६ डिसेंबर १९५९ रोजी झाले. बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाणाला त्या दिवशी तीन वर्षे पुरी होत होती. पंतप्रधान नेहरूंनी कळ दाबण्याचा मान धरणावर राबलेल्या बुधनी या संथाळ मुलीला दिला. देशभरच्या वर्तमानपत्रांत तिचे कौतुक झाले. परंतु समारंभातल्या हार घालण्याच्या प्रसंगावरून तिच्या समाजाने नेहरूंशी तिचे लग्न झाले असे मानले आणि तिला वाळीत टाकले. १९६२ मध्ये तिची महामंडळातली नोकरीही गेली. ती परत मिळायला १९८० चे दशक उजाडावे लागले. २०२३ मध्ये ती वारली. ज्या हाताने वीज सुरू केली त्या हाताला वीस वर्षांहून अधिक काळ काम नव्हते.

असे का झाले? कायद्यात महामंडळाची कामे नोंदली होती. त्यांत सिंचन, वीज, पूरनियंत्रण यांच्याबरोबर वनीकरण, सार्वजनिक आरोग्य आणि खोऱ्यातील लोकांचे आर्थिक कल्याण हेही होते. परंतु महामंडळ म्हणजे तीन सदस्य, ते केंद्राने राज्यांशी विचारविनिमय करून नेमायचे. बुडणाऱ्या गावाला त्यात खुर्ची नव्हती. राज्याला राज्याशी बोलता आले, पण ज्याच्या अंगणात जलाशय होणार होता त्याला कोणाशीच बोलता आले नाही.

मूळ नमुन्यातही हा दोष होता. टेनेसी प्राधिकरणाने नॉरिस या नावाचे एक आदर्श गाव वसवले. त्या गावात काळ्या कुटुंबांना घर मिळाले नाही. सात राज्यांच्या हद्दी ओलांडणाऱ्या योजनेला गावातली वर्णाची एक रेघ ओलांडता आली नाही. अमेरिकेतील काळ्यांच्या लढ्याशी आपले नाते आपण सांगतो, ते अशा ठिकाणी तपासून पाहावे.

४

आपल्या घटनेत पाणी राज्यसूचीत सतराव्या क्रमांकावर आहे. आंतरराज्य नद्यांचे नियमन आणि विकास हे केंद्रसूचीत छप्पन्नाव्या क्रमांकावर आहे. अनुच्छेद २६२ ने आंतरराज्य नद्यांच्या तंट्यांसाठी कायदा करण्याचा अधिकार संसदेला दिला. त्यानुसार १९५६ मध्ये संसदेने आंतरराज्य जलविवाद कायदा केला. त्याच वर्षी छप्पन्नाव्या क्रमांकाच्या आधाराने नदी मंडळ कायदा झाला. या दोन कायद्यांचे पुढे काय झाले ते पाहिले की आपल्या देशाच्या स्वभावावर प्रकाश पडतो.

पहिला कायदा भांडणाचा आहे. राज्यांत तंटा झाला की लवाद नेमावा. दुसरा सहकार्याचा आहे. तंटा होण्याआधीच नदीसाठी मंडळ नेमावे, राज्यांना सल्ला द्यावा आणि योजनांचा मेळ घालावा. भांडणाचा कायदा भरपूर वापरला गेला. कृष्णा, गोदावरी, नर्मदा, कावेरी अशा नद्यांवर लवाद बसले. सहकार्याच्या कायद्याखाली आजवर एकही मंडळ स्थापन झालेले नाही. कृष्णा नदी व्यवस्थापन मंडळ हे नाव वाचकांच्या कानावर आले असेल. ते २०१४ च्या आंध्र प्रदेश पुनर्रचना कायद्याखालचे आहे, आंध्र आणि तेलंगणा यांच्यापुरते.

लवादाची गरज नाही असे मी म्हणत नाही. १९६९ मध्ये नेमलेल्या बच्छावत लवादाने कृष्णेचे पाणी वाटून दिले. महाराष्ट्राला ५६० टीएमसी, कर्नाटकला ७०० आणि तेव्हाच्या आंध्र प्रदेशाला ८०० टीएमसी. नांदेड जिल्ह्यातील बाभळी बंधाऱ्याचा तंटा सर्वोच्च न्यायालयात गेला. २०१३ च्या निकालाने बंधाऱ्याचे दरवाजे दरवर्षी १ जुलैपासून २८ ऑक्टोबरपर्यंत उघडे ठेवायचे ठरले आणि देखरेखीसाठी तीन सदस्यांची समिती नेमली गेली. हेही एक प्रकारचे सहकार्यच आहे. परंतु लवाद वर्षाच्या पाण्याचा हिशेब करतो. एका रात्रीत चढणाऱ्या पाण्याचा हिशेब त्याच्या तक्त्यात बसत नाही.

राहिली स्थानिक संस्था. त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने १९९३ पासून ग्रामपंचायतींना घटनेत स्थान मिळाले. अकराव्या अनुसूचीत २९ विषय आहेत. त्यांत जलव्यवस्थापन आहे, पिण्याचे पाणी आहे, अनुसूचित जाती-जमातींचे कल्याणही आहे. चौऱ्याहत्तराव्या दुरुस्तीने जिल्हा नियोजन समिती आली. परंतु ही सगळी रचना राज्याच्या हद्दीशी येऊन थांबते. नदीच्या या काठावरच्या ग्रामपंचायतीने पलीकडच्या राज्यातल्या ग्रामपंचायतीबरोबर बसावे अशी कोणतीही तरतूद घटनेच्या या भागात नाही. म्हणजे भांडायला राज्यांना वाट आहे, एकमेकांना हाक मारायला गावांना वाट नाही.

५

आता आमच्या नदीकडे येतो. कोयना आणि वारणा ही धरणे भरली की पाणी सांगलीकडे येते. राधानगरीचे पाणी पंचगंगेने कोल्हापूरवरून येऊन नृसिंहवाडीला कृष्णेत मिळते. तिथून थोड्याच अंतरावर नदी कर्नाटकात जाते. पुढे हिप्परगीचा बंधारा आणि त्याच्याही पुढे अलमट्टी आहे. २००५, २०१९ आणि २०२१ या तिन्ही वर्षी आम्ही पूर पाहिला. २०१९ मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेले. तिथली धोक्याची पातळी ४५ फूट आहे. त्याच पुरात ८ ऑगस्टला पलूस तालुक्यातील ब्रह्मनाळला बोट उलटून माणसे बुडाली.

अलमट्टीच्या फुगवट्याने पूर वाढतो की नाही, याबद्दल मतभेद आहेत. महाराष्ट्र सरकारने नेमलेल्या वडनेरे समितीने २०१९ च्या पुराचा दोष अलमट्टीला दिला नाही. नदीकाठच्या अनेकांना ते पटलेले नाही. २०१० मध्ये दुसऱ्या कृष्णा लवादाने अलमट्टीची उंची ५१९.६ मीटरवरून ५२४.२५६ मीटरपर्यंत नेण्यास मान्यता दिल्यापासून ही भीती वाढली आहे. मी अभियंता नाही, या वादाचा निकाल मी देणार नाही. एवढे मात्र निश्चित की वरच्या धरणांतून किती पाणी सुटते आणि खालच्या धरणातून किती पुढे जाते, या दोन आकड्यांचा मेळ ताशी बसला नाही तर मधल्या गावांचे हाल होतात.

हा मेळ बसावा म्हणून प्रयत्न झाले. जून २०२१ मध्ये महाराष्ट्राच्या जलसंपदामंत्र्यांनी बंगळूरला जाऊन कर्नाटकच्या मुख्यमंत्र्यांची भेट घेतली. धरणांतील पाण्याची माहिती एकमेकांना वेळेवर द्यायची, अशी बोलणी झाली. हे चांगले पाऊल होते. पुढच्याच महिन्यात पूर आला.

त्या पुराच्या आदल्या दिवशी आमच्या वस्तीत भोंगा फिरला. एवढे हजार क्युसेक विसर्ग सुरू आहे, सतर्क राहावे, असे तो सांगत होता. एक क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट, सुमारे २८ लिटर पाणी. एक लाख क्युसेक म्हणजे सेकंदाला २८ लाख लिटर. हे मी मुलांना शिकवतो. परंतु माझ्या चुलतीने मला विचारले, "म्हंजे पानी मारुतीच्या पायरीला लागंल का दारात येईल? आन् कवा?" तिला कळायला हवे होते ते एवढेच. भोंग्यात ते नव्हते. दोन राज्यांच्या सचिवांमधून आलेला आकडा वस्तीत पोचला होता, पण त्याचा अर्थ वाटेत गळून पडला होता.

अर्थ सांगणारी माणसे दुसरीकडे होती. हद्दीच्या पलीकडच्या गावातल्या वस्तीत आमची सोयरीक आहे. माझी आत्या तिकडे दिली आहे. ते घरात कानडी बोलतात, आम्ही मराठी. भीमजयंतीला एकमेकांकडे येणेजाणे असते. रात्री दहाला आत्याच्या मुलाचा फोन आला, "दादा, आमच्या पुलाखालचं पाणी उतरेना झालंय, मागं फुगायला लागलंय. तुम्ही रात्रीच उठा." आम्ही रात्रीच उठलो. म्हातारी माणसे, शेरडे, कागदपत्रांची पिशवी घेऊन शाळेत आलो. पहाटे वस्तीत कमरेएवढे पाणी होते. वरून पाणी सुटल्याची बातमी लागली की आम्हीही त्यांना असाच फोन करतो. हे सहकार्य कोणत्याही कायद्याखाली झाले नव्हते. दोन्ही गावांत आमचीच घरे खाली असल्यामुळे ते झाले.

पुढचे सांगायलाच हवे. निवाऱ्यात आमच्या माणसांना एका कोपऱ्यातला वर्ग दाखवला गेला आणि जेवणाची पंगत वेगळी बसली. पंचनाम्याच्या वेळी गायरानात घर असलेल्यांची नावे राहून गेली, कारण घर त्यांच्या नावावर नव्हते. पलीकडच्या गावातही हेच झाल्याचे आत्याच्या मुलाने सांगितले. तिथली भाषा निराळी, सरकार निराळे. वागणूक मात्र तीच.

६

म्हणून पाण्याचे सहकार्य ग्रामपंचायतींवर सोपवले की प्रश्न सुटला, असे मी म्हणणार नाही. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटनेचा मसुदा मांडताना बाबासाहेबांनी ग्रामराज्याच्या गोडव्यांवर कठोर टीका केली होती, ती आपण विसरू नये. भाषावार राज्यांवर लिहितानाही राज्यात एखाद्या बहुसंख्य जातीचे वर्चस्व होईल, असा इशारा त्यांनी १९५५ मध्ये दिला होता. दोन काठांच्या दोन बागायतदारांनी एकत्र बसून उपशाचे पाणी वाटून घ्यावे, यालाही सहकार्यच म्हणता येईल. आपल्याला ते नको आहे. जे सहकार्य खालच्या वस्तीला विचारत नाही ते वरच्यांचा आपसातला सौदा असते. महाडपासून पंचेतपर्यंतचा अनुभव हाच आहे.

मग काय मागायचे? माझ्या मते तीन गोष्टी मागता येतील.

पहिली, कृष्णेच्या वरच्या खोऱ्यासाठी महाराष्ट्र आणि कर्नाटक यांचे कायम मंडळ असावे. १९५६ चा कायदा आजही पुस्तकात आहे. तो कमी पडत असेल तर दोन्ही राज्यांनी करार करावा. त्या मंडळात सचिव आणि अभियंत्यांबरोबर काठावरच्या ग्रामपंचायतींचे सदस्य असावेत आणि त्यांत अनुसूचित जातींच्या राखीव जागांवरून निवडून आलेल्यांना जागा असावी. दामोदरच्या मंडळात जी खुर्ची नव्हती ती इथे असावी.

दुसरी, पुराचा इशारा लोकांच्या खुणांवर द्यावा. सांगलीला आयर्विन पूल आणि कोल्हापूरला राजाराम बंधारा अशी फुटांची पट्टी आहे, तशी प्रत्येक वस्तीत असावी. समाजमंदिराच्या भिंतीवर रंगाने रेघा माराव्यात. पाणी कोणत्या रेघेला किती वाजता लागेल, हे मराठीत आणि कानडीत, सर्वांत खालच्या वस्तीला सर्वांत आधी सांगावे.

तिसरी, घराखालची जमीन. पूररेषेतल्या वस्त्यांना गावठाणालगत उंचावर, घरातल्या बाईच्या नावाने जागा मिळावी. ही मागणी पुरापुरती नाही. आपल्याला उतारावर बसवणाऱ्या जुन्या हद्दीविरुद्धची ती मागणी आहे. राज्यांच्या हद्दी १९५६ आणि १९६० मध्ये आखल्या गेल्या. ही हद्द त्याहून फार जुनी आहे.

यांपैकी काही कामे सरकारची वाट न पाहता सुरू करता येतात. दुसऱ्या राज्यातल्या ग्रामपंचायतीला पत्र लिहू नये असे कोणताही कायदा सांगत नाही. १ मे रोजी, महाराष्ट्र दिनी, आमच्याकडे ग्रामसभा असते. यंदा तिथे आमच्या वस्तीने ठराव मांडायचे ठरवले आहे. पावसाळ्याचे चार महिने पलीकडच्या गावाशी पाण्याच्या पातळीची देवाणघेवाण करावी, दोन्हीकडच्या खालच्या वस्त्यांतून दोन-दोन माणसे त्यासाठी नेमावीत, त्यांत निम्म्या बाया असाव्यात. तोच ठराव कानडीत करून आत्याचा मुलगा तिकडच्या ग्रामसभेत ठेवणार आहे. तो संमत होईल की नाही, मला सांगता येत नाही. संमत झाला तरी महाडचा ठरावही संमत झाला होता, हे आम्ही लक्षात ठेवले आहे.

वाचकांपैकी कोणी गोदावरीच्या काठी, कोणी तापीच्या वा वैनगंगेच्या काठी राहत असतील. त्यांनी आपापल्या गावात एवढे पाहावे, की पाणी पहिल्यांदा कोणाच्या दारात येते आणि त्याची खबर त्या दाराला कोण देते. या दोन प्रश्नांची उत्तरे लिहून काढली तरी मोठे काम होईल.

ती मुलगी आता महाविद्यालयात आहे. कानडीतला ठराव तिनेच आत्याच्या सुनेबरोबर बसून उतरवला. मी तिला विचारले, तेव्हाचा तुझा प्रश्न आठवतो का? ती म्हणाली, "आठवतो. पण सर, तुम्ही उत्तर सरकारांत शोधत होता. मला एवढंच कळायला हवं होतं, की पाणी येतंय हे आम्हाला सांगणं कुणाचं काम होतं."